फ्रिजमधली झुल्मिरा

विभावरीने दोना जुरेमाच्या फ्रिजला हात जोडले, त्याला कारण होतं.

दोना जुरेमा ही नव्वदीला टेकलेली ब्राझीलची बाई. ऑकलंडमधल्या पापाटोएटो स्टेशनच्या मागच्या गल्लीत एका छोट्या युनिटमध्ये एकटीच राहायची. 'दोना' म्हणजे त्यांच्याकडचं 'बाईसाहेब', आणि ते लावल्याशिवाय हाक मारली तर ती ओ द्यायची नाही. विभावरी जवळच्याच फार्मसीत फार्मासिस्ट होती. जुरेमाचे गुडघे बोलायला लागल्यापासून दर शुक्रवारी घरी जाता जाता तिच्या ब्लड प्रेशरच्या गोळ्या ती हातोहात पोचवायची. हे काही तिच्या कामात बसत नव्हतं, पण जुरेमाची कॉफी पिण्यासाठी काहीतरी निमित्त हवंच होतं.

२०१६ च्या हिवाळ्यातल्या अशाच एका शुक्रवारी फ्रिजमधून वास आला. चीजचा नाही, मच्छीचाही नाही. आठवडाभर बुटात राहिलेल्या मोज्यांवर कुणीतरी केमिस्ट्रीचा प्रयोग केलाय, असा वास.

"दोना जुरेमा, आत काहीतरी नासलंय," विभावरी म्हणाली आणि तिने दार उघडलं. पेरूच्या वड्या आणि काळ्या राजम्याचं पातेलं यांच्या मागे एक गोल, गंजलेला पत्र्याचा डबा होता. "हे काय आहे?"

"ती?" जुरेमा कपात साखर ढवळत म्हणाली, "ती माझी आई."

न्यूझीलंडमध्ये पंधरा वर्षं काढल्यावर विभावरीला कशाचंच फारसं आश्चर्य वाटत नसे. आईवडलांच्या अस्थी दिवाणखान्यात घड्याळाशेजारी ठेवणारी माणसं तिने पाहिली होती. पण राजम्याच्या मागे? तिने दोन पावलं मागे सरून पायातल्या जँडल्स, म्हणजे इथल्या स्लिपर्स, काढल्या, हात जोडले आणि डोळे मिटले. काय म्हणावं ते सुचेना म्हणून 'शुभं करोति' सुरू केलं.

दुसऱ्या ओळीला जुरेमा इतकी हसली की तिला कवळी हातात घ्यावी लागली.

"अगं, राख नाही! सिनेमा आहे तो! माझ्या आईने काढलेला सिनेमा!"

मग कॉफीचे तीन कप झाले आणि विभावरीला झुल्मिराची गोष्ट कळली.

झुल्मिरा म्हणजे जुरेमाची आई. ब्राझीलमधल्या मिनास जेराइसच्या डोंगरातलं एक गाव. गावात एक चर्च, एक नदी आणि एक फोटोग्राफर. या फोटोग्राफरचं नाव आन्सेल्मो, आणि झुल्मिरा त्याची बायको. एकोणीसशे वीसच्या सुमारास आन्सेल्मोने हाताने फिरवायचा सिनेमाचा कॅमेरा आणला आणि जमीनदारांची गुरं, बिशपच्या मिरवणुका, पोलीसप्रमुखाच्या मुलीचं लग्न असलं काहीबाही टिपायला सुरुवात केली. टिपायला म्हणजे कॅमेऱ्याशेजारी उभं राहून मिशीला पीळ द्यायला. हँडल फिरवणं, अंधाऱ्या खोलीत फिल्म धुणं, कापणं, जोडणं ही सगळी कामं झुल्मिराची. गावच्या पेपरात दर वेळी छापून यायचं, 'महान कलाकार आन्सेल्मो यांची नवी कलाकृती. त्यांना पत्नीचे साहाय्य लाभले.'

"साहाय्य!" जुरेमा म्हणाली आणि पुढे पोर्तुगीजमध्ये असं काही बोलली की विभावरीला भाषा न कळताही कानाच्या पाळ्या गरम झाल्या.

एकदा आन्सेल्मो नव्या लेन्स आणायला रिओला गेला आणि महिनाभर तिकडेच रमला. तेवढ्यात झुल्मिराने गावातल्या धोबिणींना घेऊन स्वतःचा एक सिनेमा काढला. गावात तो एकदाच दाखवला गेला. दुसऱ्या रविवारी पाद्रीबाबांनी व्यासपीठावरून त्यावर बंदी घातली. आन्सेल्मोने परत आल्यावर तो जाळून टाकला, निदान त्याला तसं वाटलं. बेनेदिता नावाच्या धोबिणीने खरी फिल्म पिठाच्या पिंपात लपवली होती आणि जळले ते बिशपच्या मिरवणुकीचे तुकडे. जुरेमाच्या लग्नात बेनेदिताने तिला तो डबा आहेर म्हणून दिला. झुल्मिरा तोवर कधीच गेली होती. जुरेमा सहा-सात वर्षांची असतानाच.

"आणि गोष्ट काय होती सिनेमाची?"

"शोकांतिका," जुरेमा छातीवर हात ठेवून म्हणाली. "मी पाहिलेला नाही. कुठे पाहणार? पण बाबा म्हणायचे, तो सिनेमा बघून सगळं गाव रडलं होतं. रडून रडून माणसं बाकावरून खाली पडली होती. नवऱ्याने टाकलेल्या बाईची गोष्ट असणार. आईचा चेहराच तसा होता."

भिंतीवर झुल्मिराचा एकुलता एक फोटो होता. लांबट चेहरा, उतरलेले ओठ, जगाचं दुःख गालात साठवलेलं. विभावरीला तो अक्कलदाढ दुखत असल्याचा चेहरा वाटला.

आता त्या गावात आन्सेल्मोच्या नावाचा रस्ता आहे. ब्राझीलच्या जुन्या सिनेमावरच्या एका जाडजूड ग्रंथात त्याच्यावर अर्धं पान आहे आणि शेवटी तेच, पत्नीचे साहाय्य लाभले. लेकीकडे (ती लेक पुढे ऑस्ट्रेलियाला गेली) न्यूझीलंडला राहायला आली तेव्हा जुरेमाने तो डबा हातातल्या पिशवीत घातला होता. ऑकलंडच्या विमानतळावर तिने केकचा डबा आहे असं ठोकून दिलं, तर बाहेरचं खाणं देशात येऊ न देणारे चार अधिकारी धावत आले. "हे लोक बॉम्बला घाबरणार नाहीत एवढे केकला घाबरतात! मग म्हटलं, घरचे फोटो आहेत. तेव्हा कुठे 'वेलकम' म्हणाले."

त्या काळची फिल्म ठिणगीनेही भडकते, बॉम्बच्याच जातीची असते, हे विभावरीला तेव्हा ठाऊक नव्हतं. घरी जाऊन तिने जुन्या फिल्मा जतन करणाऱ्या वेलिंग्टनच्या एका संस्थेला फोन लावला. पलीकडच्या माणसाने आधी आनंदाने "किया ओरा" असा माओरी नमस्कार केला, आणि वासाचं वर्णन ऐकून त्याचा आवाज एकदम खाली आला. "मॅडम, तो डबा आत्ता कुठे आहे?"

"फ्रिजमध्ये. राजम्याच्या मागे."

"छान. तिथेच राहू दे. हलवू नका, उघडू नका आणि त्याच्या आसपास कुणी सिगारेट ओढत नाही ना?"

जुरेमा दिवसाला सहा ओढायची. त्याच फ्रिजला टेकून.

त्या माणसाचं नाव हेमी. तो स्वतः गाडी घेऊन आला, जाड हातमोजे घालून डबा बाहेर काढला, एका खास पेटीत ठेवला आणि जुरेमासमोर वाकून त्याने हळूच विचारलं, "आईला काही दिवस आमच्याकडे पाठवता?" जुरेमा लगेच विरघळली. तिने त्याला पेरूच्या वड्यांचा अख्खा डबा दिला आणि नंतर आठवडाभर विभावरीला त्याच्या खांद्यांचं वर्णन ऐकवलं.

काही महिन्यांनी हेमीचा फोन आला. फिल्मचा बराच भाग चिकटून, वितळून गेला होता. जे वाचलं ते अकरा मिनिटांचं होतं. त्याची नवी प्रत करून पेनड्राइव्हवर पाठवतोय, असं तो म्हणाला. पाहून काय वाटलं ते सांगायला लागला, तशी जुरेमाने विभावरीच्या हातातून फोन घेऊन त्याला गप्प केलं. "एक अक्षर बोलू नकोस. सिनेमा हॉलमध्ये बघायचा असतो, माणसांत बसून. स्वयंपाकघरात एकट्याने बघायला तो काय एक्सरे आहे?"

पेनड्राइव्ह कुरियरने आला. जुरेमाने तो फ्रिजमध्ये ठेवला. सवय.

आता हॉल आणि माणसं कुठून आणायची हा प्रश्न होता. विभावरीच्या घरात दोन्ही गोष्टींचा पुरवठा होता, कारण तिचा नवरा प्रमोद मराठी मंडळाचा अध्यक्ष होता. सलग तिसऱ्यांदा. दुसरं कुणी उभंच राहत नसे. दिवसा तो शहरातल्या एका आयटी कंपनीत प्रोजेक्ट मॅनेजर असायचा आणि संध्याकाळी मराठी संस्कृतीचा. माणूस वाईट नव्हता. भांडी घासायचा, गाडी सावकाश चालवायचा; फक्त माइक हातात आला की त्याचं काहीतरी व्हायचं. त्याची भाषणं विभावरी लिहून द्यायची, फार्मसीच्या कागदी पिशव्यांच्या पाठकोऱ्या बाजूवर. चांगली, आटोपशीर लिहायची. प्रमोद त्यात मधेमधे 'मातृशक्ती' आणि 'तेजस्विनी' घालून ती तिप्पट करायचा.

मार्चमधल्या महिला दिनाची बैठक हेन्डरसन उपनगरात गुरुदत्त आणि श्यामलाच्या घरी होती. गुरुदत्त मंडळाचा खजिनदार, आणि श्यामला मंडळाचं पोट.

"यंदा काय?" गुरुदत्तने विचारलं.

"गेल्या वर्षीचं व्याख्यान लोकांना फार आवडलं होतं," प्रमोद म्हणाला.

गेल्या वर्षी त्याने 'स्त्री: काल, आज आणि उद्या' या विषयावर व्याख्यान दिलं होतं. हॉलमधल्या सगळ्या स्त्रिया तेव्हा मागे किचनमध्ये साबुदाण्याचे वडे तळत होत्या. त्यांना फक्त टाळ्या ऐकू आल्या होत्या.

"मला 'काल'पर्यंत ऐकू आलं," श्यामला म्हणाली. "'आज'ला तेल तापलं."

तेव्हा विभावरीने झुल्मिराचं सांगितलं. बायकोने सिनेमा काढला, नाव नवऱ्याचं झालं, नव्वदएक वर्षं कुणी विचारलं नाही आणि तो सिनेमा आज पापाटोएटोतल्या एका फ्रिजमध्ये आहे. श्यामलाने बटाटेवड्याची ताटली खाली ठेवली. प्रमोदने चष्मा काढला. चष्मा काढणं म्हणजे त्याला एखादी गोष्ट स्वतःची वाटायला लागल्याची खूण होती.

"झुल-मीरा," तो म्हणाला. "मीरा! काय योगायोग आहे. विरहिणी. आपण हे करायचं. मी निवेदन करतो. जुन्या काळी मूकपटाला समोर उभं राहून निवेदन करायचे, तसं."

"सिनेमा स्वच्छ आहे ना?" गुरुदत्तने विचारलं. "मुलं असतात."

"मुका आहे," विभावरी म्हणाली. त्यावर काय बोलायचं ते गुरुदत्तला कळलं नाही, म्हणून ठराव मंजूर झाला.

या वेळी विभावरीने निवेदन लिहून दिलं नाही. सिनेमा कुणी पाहिलेलाच नाही, तर लिहायचं काय? प्रमोद म्हणाला, शोकांतिका आहे एवढं पुरेसं आहे, बाकीचं मी बघतो. त्याने दोन रविवार खोलीचं दार लावून घेतलं. आतून अधूनमधून "हाय रे दैवा!" असं ऐकू यायचं.

कार्यक्रमाच्या आठवड्यात पत्रकं छापून आली. गुळगुळीत कागद, कडेला जांभळी कमळं. मधोमध लिहिलं होतं: 'विस्मृतीतील विरहिणी. शोध, संकल्पना व निवेदन: श्री. प्रमोद.' आणि खाली, जिथे साबुदाणा देणाऱ्या दुकानदाराचे आभार होते त्याच्या वरच्या ओळीत, बारीक अक्षरात: 'पत्नीचे साहाय्य लाभले.'

विभावरीने किचनमध्ये ते पत्रक दोनदा वाचलं.

"प्रमोद, हे वाचलंस का तू?"

"का? शुद्धलेखन चुकलं?"

"नाही," ती म्हणाली. "शुद्ध आहे."

ती चिडली का? चिडली. पण नवल तिला दुसऱ्याच गोष्टीचं वाटत होतं. या माणसाने ब्राझीलचा तो पेपर आयुष्यात पाहिला नव्हता. तरी शब्दाला शब्द जुळला होता. हे वाक्य जगभरच्या नवऱ्यांना कुणी शिकवतं तरी कुठे? तिने पत्रक घडी घालून पर्समध्ये टाकलं आणि कुकर लावला.

रविवारी दुपारी हेन्डरसनचा हॉल भरला. इथला उन्हाळा सरत आला होता तरी उकडत होतं. पडदे ओढून अंधार केला होता आणि मागे किचनमधून तळणीचा वास येत होता. विभावरीने एक काम मात्र केलं होतं: सिनेमा सुरू झाला की गॅस बंद करून सगळ्याजणींनी बाहेर येऊन बसायचं, असं श्यामलाकडून वदवून घेतलं होतं. बायका पदराला, ओढणीला हात पुसत येऊन बसल्या. दोना जुरेमा पहिल्या रांगेत मधोमध. काळा झगा, काळी लेस, हातात तीन रुमाल. ती रडायच्या तयारीने आली होती.

"विभावरी, तू इथे बैस. मध्ये पाट्या येतील पोर्तुगीजमध्ये. मी तुला इंग्लिशमध्ये सांगेन, तू तुझ्या नवऱ्याला सांग."

पण प्रमोद व्यासपीठाच्या पार पलीकडच्या टोकाला उभा होता. गळ्यात शाल, एका हातात माइक, दुसऱ्या हातात निवेदनाचे कागद आणि कागदांवर मोबाइलचा उजेड. पडदा त्याच्या पाठीशी होता. तो पडद्याकडे बघणार नव्हता. त्याला बघायची गरज वाटत नव्हती.

सिनेमा सुरू झाला. आधी नुसते पांढरे डाग, उकळत्या दुधावरच्या बुडबुड्यांसारखे. मग एक दार दिसलं.

"हे पाहा ते दार," प्रमोदचा आवाज घुमला. "याच दारातून तो निर्दयी पती निघून गेला. आणि आता बाहेर येते आहे ती... परित्यक्ता!"

दारातून एक ढेरपोट्या माणूस बाहेर आला. झाडूएवढ्या मिशा, डोक्यावर मोठी हॅट, खांद्यावर तिकाटणं. तिकाटण्यावर कॅमेरा म्हणून साबणाचा खोका होता आणि खोक्याला पुढे नरसाळं लावलं होतं. माणसाने ऐटीत गिरकी घेतली, तिकाटण्याचे पाय फिरले आणि मागून येणाऱ्या पाद्रीबाबांच्या ढुंगणावर सपकन बसले.

"तिच्या मुखावरची ती करुणा!" प्रमोद म्हणाला.

हॉलमध्ये कुणालाच काय करावं ते कळेना. महिला दिन होता. समोर कलाकृती होती. पाद्रीबाबा उठून उभे राहिले आणि तिकाटणं परत फिरलं.

"नियतीचा आघात," प्रमोद कापऱ्या आवाजात म्हणाला, "एकदा नव्हे, पुन्हा पुन्हा!"

तिसऱ्या रांगेतून सिद्धी नावाची आठ-नऊ वर्षांची मुलगी ओरडली, "मम्मा! दॅट्स अ लेडी! शी हॅज अ फेक मूस्टॅश!" आणि मग तिचं हसू सुटलं ते काही आवरेना. तिच्यामागून मागची रांग फुटली आणि नंतर अख्खा हॉल.

प्रमोद थांबला. दुःखाच्या जागी हशा आला की वक्त्याला वाटतं तसं त्यालाही वाटलं: आपली पँट बघावी. त्याने पँट बघितली. ठीक होती. त्याने एक पान उलटलं आणि आवाज चढवला. "हाय रे दैवा!"

पडद्यावर एक पाटी आली. जुरेमा डोळे बारीक करून वाचत होती. रुमाल हातातच राहिले होते.

"काय लिहिलंय?" विभावरीने विचारलं.

"लिहिलंय..." जुरेमाने पडद्याकडे बोट केलं. "लिहिलंय, 'महान कलाकार कामाला निघाला.' विभावरी, ती माझी आई आहे. मिशी लावून. ती माझ्या बाबांची नक्कल करतेय."

मागून बायकांचा आवाज आला, "विभावरीताई, काय लिहिलंय? सांगा ना मोठ्याने!" पुढची पाटी आली. जुरेमाने ती वाचली. प्रमोद अजून दैवाशीच बोलत होता. विभावरी उठली, व्यासपीठ ओलांडून पलीकडे गेली आणि तिने नवऱ्याच्या हातातला माइक काढून घेतला. हिसकावला नाही. बाळाच्या हातातून कात्री घेतात तसा, एकेक बोट सोडवून.

"मागे वळून बघ," ती त्याला हळूच म्हणाली.

आणि मग हॉलला म्हणाली, "मंडळी, काहीतरी घोटाळा झालेला आहे. ही विरहिणी नाही. हे महान कलाकार आन्सेल्मो आहेत, आणि त्यांना उजेड हवा आहे. उजेडासाठी ते कौलावर चढतायत. कुणीतरी सांगा त्यांना, कौल ओलं आहे. नाही ऐकत. महान कलाकार कुणाचं ऐकतात का? गेले. धोबीघाटात गेले. साबणासकट."

तिला हे शब्द कुठून येत होते, ते तिचं तिलाच कळत नव्हतं. जुरेमा पहिल्या रांगेतून पाट्या वाचून ओरडून सांगायची, विभावरी ते पकडायची, फिरवायची आणि हॉलमध्ये सोडून द्यायची. धोबिणींनी महान कलाकाराला वाळत घातलं. जमीनदाराच्या मिरवणुकीत त्याने डोळे मिटून, भक्तिभावाने घोड्याच्या शेपटीचं चित्रण केलं. मधूनच चौकटीच्या कोपऱ्यात एक जाडजूड अंगठा यायचा. "हा बेनेदिताचा अंगठा," विभावरी म्हणाली. "खरा कॅमेरा तिच्याकडे आहे. दिवसभर कपडे धुऊन आलीय ती, अंगठ्याकडे दुर्लक्ष करा."

मग घराचं अंगण आलं. अंगणात एक मोठं पांढरं बदक, डोक्याला लेसची टोपी, गळ्यात अ‍ॅप्रन. महान कलाकार खुर्चीत बसून झोपलेला, आणि ते बदक चोचीने साबणाच्या खोक्याची दोरी ओढतंय. पाटी आली. जुरेमाने वाचली, आणि वाचता वाचताच तिच्या तोंडून एक किंकाळी निघाली.

विभावरीने माइक तोंडाजवळ नेला. मग एकेक शब्द सुटा करून ती म्हणाली, "त्यांना. पत्नीचे. साहाय्य. लाभले."

प्रत्येकाच्या हातात ते गुळगुळीत पत्रक होतं. वारा घ्यायला त्याचा उपयोग चालला होता. शेदोनशे पत्रकं एकदम थांबली. अंधारातही लोकांनी ती डोळ्यांजवळ नेली, आणि मग जो हशा उसळला तो बाहेर पार्किंगपर्यंत गेला असेल. गुरुदत्त खुर्चीवरून घसरला. श्यामला "अगं आई गं, अगं आई गं" म्हणत शेजारणीच्या पाठीवर गुद्दे घालत होती. व्यासपीठाच्या कडेला प्रमोद शाल पांघरून उभा होता. त्याने पडद्यावरच्या बदकाकडे पाहिलं, मग हातातल्या पत्रकाकडे, मग बायकोकडे. त्याचं नाक लाल झालं. विभावरीला वाटलं, झालं, आता हा घरी जाईपर्यंत बोलणार नाही. पण त्याच्या पोटातून एक चमत्कारिक आवाज आला, शिट्टी होण्याआधी कुकरचा येतो तसा, आणि तो व्यासपीठाच्या पायरीवर मटकन बसून डोळे पुसायला लागला.

"बाबा बरोबर सांगत होते," जुरेमा कुणाला तरी म्हणत होती. "रडलं सगळं गाव. पडले बाकावरून."

शेवटचा तुकडा साधा होता. महान कलाकार नदीकाठी उताणा पडलाय, हॅट तोंडावर, ढेरी आभाळाकडे. एक धोबीण येऊन ढेरीवर हात ठेवते. ती काही नाटक करत नव्हती. तिने हात ठेवला, दचकून उचलला, पुन्हा ठेवला. महान कलाकाराने हॅट बाजूला केली. मिशी अर्धी सुटून लोंबत होती. तिच्याखालून झुल्मिरा थेट कॅमेऱ्याकडे बघून हसली. आणि तेवढ्यात ती ढेरी, कोटाखालची उशी म्हणून सगळ्यांनी सोडून दिलेली ती ढेरी, एका बाजूने हलली. आतून. लाथ मारल्यासारखी.

हॉलमधल्या बायकांना हे सांगावं लागलं नाही.

दोना जुरेमा उठून उभी राहिली. गुडघे, काठी, काही आठवलं नाही तिला. पडद्यावर पुन्हा बुडबुडे यायला लागले होते.

"ती मी आहे!" ती म्हणाली. मग हॉलकडे वळून, जमेल तेवढ्या मोठ्या आवाजात: "ते पोट! ती मी आहे! मी काम केलंय या सिनेमात!"

आणि मग ती रडली. तीनही रुमाल पुरले नाहीत. श्यामलाने आपली ओढणी दिली.

वडे गार झाले होते. लोकांनी ते तसेच खाल्ले, उभ्याने, एकमेकांना मिशीवाले विनोद सांगत. सिद्धी जुरेमाला म्हणाली, "यू वर हीप्स गुड," म्हणजे इथल्या पोरांचं 'एकदम भारी', आणि जुरेमाने मान तुकवून त्या प्रशंसेचा स्वीकार केला.

गाडी हायवेला लागल्यावर प्रमोद म्हणाला, "ते साहाय्य वगैरे... मी विचार नव्हता केला."

"माहितीये मला. तोच तर त्रास आहे."

"पण 'परित्यक्ता'वर टायमिंग चांगलं जमलं होतं ना?"

विभावरीने खिडकीबाहेर बघितलं. हसू लपवायला तिला ओटाहुहुपर्यंतचा रस्ता लागला.

पुढे सगळं काही छान छान झालं असं नाही. मिनास जेराइसच्या त्या गावाने कळवलं की रस्त्याचं नाव बदलणं नियमात बसत नाही. तो जाडजूड ग्रंथ तसाच जाडजूड राहिला. पण हेमीने पाठवलेली प्रत ब्राझीलमध्ये एका विद्यापीठात पोचली. तिथली एक संशोधक मुलगी जुरेमाला कॉम्प्युटरवर भेटायला लागली, आणि जुरेमाचा रुबाब इतका वाढला की मुलाखतीच्या नादात तिने दोनदा गोळ्या घेतल्या नाहीत आणि विभावरीला जाऊन चांगलं झापावं लागलं. भिंतीवरचा अक्कलदाढेचा फोटो उतरला. त्या जागी हसणारी झुल्मिरा आली, अर्ध्या मिशीची, पोटावर कुणाचा तरी हात.

मंडळाचा अध्यक्ष पुढल्या वर्षीही प्रमोदच झाला, कारण दुसरं कुणी उभं राहिलं नाही. विभावरीने मात्र भाषणं लिहून देणं बंद केलं, त्यामुळे प्रमोदची भाषणं एकदम छोटी झाली. त्याला नुसतं 'मातृशक्ती' आणि 'तेजस्विनी' एवढ्यावर दोन मिनिटांपलीकडे जाता येत नसे. लोकांनी त्याचं कौतुक केलं.

महिन्याच्या पहिल्या रविवारी पापाटोएटोच्या एका शाळेच्या हॉलमध्ये आता जुने मूकपट असतात. कुठले कुठले, जपानचे, रशियाचे, जे हेमी पाठवेल ते. विभावरी आधी काहीच बघत नाही. माइक घेऊन उभी राहते आणि जे दिसेल त्यावर मराठीत सुटते. प्रोजेक्टर प्रमोद चालवतो, आणि खरं सांगायचं तर छान चालवतो. केबल्समधलं त्याला कळतं. पहिल्या रांगेत दोना जुरेमा असते. मराठीचा एक शब्द तिला कळत नाही, पण नट वाईट असला की ती मोठ्याने सांगते.

परवा एका सिनेमात नायिका नवऱ्यासाठी खिडकीत बसून इतका वेळ उसासे टाकत होती की विभावरीला बोलायला काही उरलं नाही. अंधारातून मागून प्रमोदचा आवाज आला, अगदी नम्रपणे.

"मी म्हणू का? 'हाय रे दैवा'?"

"म्हण," विभावरी म्हणाली. "पण एकदाच."